संगणकातील परिग्रह

पर्युषणाच्या पूर्वसंध्येला पेढीच्या संगणकावर विंडोजचे अद्ययावतीकरण तीनदा अर्ध्यावर थांबले. पडद्यावर ८००७००७० हा त्रुटी-क्रमांक उमटला. अर्थ एवढाच की, डिस्कवर जागा उरलेली नाही. दोष यंत्राचा नव्हता, माझ्या संचयाचा होता.

प्रथम हिशेबांची प्रत बाहेरच्या डिस्कवर घेतली. मग तात्पुरत्या फायली काढल्या, रीसायकल बिन रिकामे केले, लग्नसमारंभांची दुबार चित्रणे पुसली. पुरेशी जागा झाली व अद्ययावतीकरण पार पडले.

त्या आवराआवरीत बुडीत उधारीची जुनी यादी सापडली. तिने डिस्कवर नगण्य जागा अडवली होती. मनात मात्र फार. तीही पुसली. संवत्सरीला त्यातील दोघांच्या घरी जाऊन ‘मिच्छामि दुक्कडम्’ म्हटले. बारा वर्षांचा अबोला संपला.