एक डहाळी

विद्यार्थ्यांना विचारलेल्या प्रश्नांचा हिशेब आम्ही प्राध्यापक मंडळी काटेकोरपणे ठेवितो. त्यांनी आम्हांला विचारलेल्या प्रश्नांचे पुढे काय झाले, याची नोंद मात्र कोठेच नसते. मीही ती कधी ठेविली नव्हती. परंतु हिंदी महासागरातील एका झाडाची हकीकत वाचनात आली आणि वीस वर्षांपूर्वीची एक बाकी अकस्मात माझ्यासमोर उभी राहिली.

मॉरिशसच्या पूर्वेस सुमारे ५६० किलोमीटरांवर रॉड्रिग्ज नावाचे एक लहानसे बेट आहे. कॉफीच्या कुळातील ‘रामोस्मानिया रॉड्रिग्जी’ हे झाड साऱ्या जगात केवळ तेथेच उगवे. त्याची फुले पांढरीशुभ्र, चांदण्यांसारखी. बेटावरचे लोक त्याला ‘काफे मारॉन’, म्हणजे रानटी कॉफी, म्हणतात. मालकाला चुकवून रानात पळालेल्या गुलामालाही फ्रेंच भाषेत हाच शब्द लावीत. बेटावर माणसे वसली, रान तुटले, शेळ्या वाढल्या; आणि विसाव्या शतकाच्या मध्यावर हे झाड नामशेष झाले, असा निर्वाळा जाणत्यांनी देऊन टाकिला.

पुढे १९८० च्या सुमारास तेथील एका शाळामास्तराने मुलांना आसपासच्या वनस्पती शोधून आणावयास सांगितले. एका मुलाने एक डहाळी आणली. मास्तरांना ती ओळखता येईना. पण त्यांनी ती टाकून दिली नाही; ओळख पटविण्यासाठी तज्ज्ञांकडे धाडिली. मेलेले म्हणून ठरलेले ते झाड रस्त्याच्या कडेला एकटेच जिवंत उभे होते!

नाव कळताच त्याच्यामागे नवे संकट लागले. ते औषधी आहे अशी समजूत असल्याने लोक त्याच्या फांद्या तोडून नेऊ लागले. कुंपण घातले, तर लोक तेही ओलांडीत. अखेर १९८६ साली त्याची काही छाटे विमानाने लंडनच्या क्यू उद्यानात पोचविली. त्यांपैकी एकाला मुळे फुटली. त्यापासून पुढे आणखी झाडे झाली, ती फुललीही. पण बी काही धरीना. सारी एकाच झाडाची रूपे, त्यांचा वंश वाढावा कसा? तेथील कार्लोस मॅग्डालेना या उद्यानतज्ज्ञाने फुलाच्या स्त्रीकेसराचे टोक कापून त्यावर पराग ठेवण्याचा प्रयोग पुनःपुन्हा केला, तेव्हा २००३ साली पहिले फळ धरले. रोपे उगवली, ती अरुंद, लांबट, तपकिरी पानांची. मोठ्या झाडाची हिरवी, रुंद पाने आणि ही पाने यांत काडीचे साम्य नव्हते! बेटावर पूर्वी असलेल्या प्रचंड कासवांच्या नजरेतून कोवळी रोपे सुटावीत, म्हणून हा वेश असावा, असा अभ्यासकांचा तर्क आहे. ती कासवे केव्हाच नष्ट झाली. रोपटे मात्र त्यांचे भय अजून विसरलेले नाही. पुढे या झाडाचे बी रॉड्रिग्जला परत गेले.

हे सारे वाचीत असता मला कोकणातून आलेला माझा एक अबोल विद्यार्थी आठवला. वर्गात मी फुलावरची एक इंग्रजी कविता शिकवीत होतो. तास संपल्यावर तो टेबलापाशी आला, वहीत दाबून ठेविलेली एक डहाळी त्याने माझ्यापुढे धरली आणि विचारले, “सर, याला इंग्रजीत काय म्हणतात? आमच्या सड्यावर होतं.”

मी घड्याळाकडे पाहिले आणि म्हणालो, “परीक्षेत हे विचारणार नाहीत.”

तो हसला. वही मिटून गेला. नंतर दोन वर्षे तो माझ्या वर्गात बसत असे. पण पुन्हा त्याने मला काही विचारले नाही.

त्याची डहाळी दुर्मिळ होती, असा माझा मुळीच दावा नाही. बहुधा ते साधे रानझुडूप असेल. पण ते साधे होते की नव्हते, हे ठरविण्याइतकेही मी तिच्याकडे पाहिले नाही, ही गोष्ट मला आता सलते. रॉड्रिग्जच्या मास्तरांनाही उत्तर ठाऊक नव्हतेच. आम्हां दोघांच्या अज्ञानात अंतर नव्हते. अंतर होते ते एवढेच की, त्यांनी हात पुढे केला आणि मी घड्याळ पाहिले.

हल्ली तास संपल्यावर मी मुद्दाम पाच मिनिटे टेबलाशी रेंगाळतो. अद्याप कोणी डहाळी आणलेली नाही.