मठ, नावे आणि बोली

बेडसे येथील लेण्यांत माणसे उरली आहेत ती केवळ नावांच्या रूपाने. मावळातील पवना खोऱ्याच्या कडेला, इसवी सनापूर्वी पहिल्या शतकाच्या सुमारास कोरलेल्या या लहानशा समूहात चैत्यगृह आहे, पाठीमागे अर्धवर्तुळाकार वळणारा व कमानदार छताचा विरळा असा विहार आहे, स्मारकस्तूप आणि पाण्याची टाकी आहेत. एका प्राकृत लेखात नाशिकच्या आनंद श्रेष्ठीचा पुत्र पुष्यणक दान देतो. दुसऱ्यात अरण्यात राहून भिक्षेवर जगणाऱ्या गोभूतीचा स्तूप त्याचा शिष्य असाळमित उभारतो. टाक्यावर महारठिनी सामडिनिकेचे नाव आहे. पात्रयादी सिद्ध आहे. संवाद एकही नाही. विहारातील खोल्यांची दारे एकाच दालनात उघडतात, तेव्हा शेजाऱ्याचे घोरणे किंवा कुरकुर तेथे लपून राहिली नसणार. पण दानलेखाला कुरकुर नोंदविण्याचे प्रयोजन नसते. चैत्याच्या ओसरीतील स्तंभशीर्षांवर मात्र हत्ती, घोडे, बैल यांवर आरूढ झालेली, दागिन्यांनी नटलेली स्त्री-पुरुष युगुले आहेत. विरक्तांच्या दाराशी ती कोरताना शिल्पकाराला संकोच वाटलेला दिसत नाही. संकोच वाटतो तो आजच्या प्रेक्षकाला.

मठातली माणसे आपसांत बोलत कशी असतील, या प्रश्नाचे एक धीट उत्तर जेफ बेना यांच्या ‘द लिटल अवर्स’ (२०१७) या चित्रपटाने दिले. कथा बोकाचोच्या ‘देकामेरोन’मधील तिसऱ्या दिवसाच्या पहिल्या गोष्टीवरून घेतलेली आहे. मुका असल्याचे सोंग घेऊन मासेत्तो हा तरुण जोगिणींच्या मठात माळी म्हणून राहतो आणि पुढे जे व्हायचे ते होते. मूळ गोष्टीत मासेत्तोला नाव आहे. आठ जोगिणी आणि त्यांची प्रमुख यांना ते नाही. कामवासनेच्या आख्यानात त्या संख्या म्हणून येतात. चित्रपटाने या संख्येला नावे दिली: आलेसांद्रा, फर्नांदा, जिनेव्रा. नावांबरोबर तक्रारीही दिल्या. लग्न जमेल आणि आपण इथून सुटू, या आशेवर आलेसांद्रा बापाची वाट पाहते. फर्नांदा भेटेल त्याला शिव्या घालते. जिनेव्रा चहाड्या करते. १३४७ च्या इटलीतील या स्त्रिया आजच्या अमेरिकी बोलीत बोलतात. बेना यांनी प्रसंगांचा आराखडा दिला आणि संवाद बरेचसे नटांनी ऐन वेळी रचले. ॲलिसन ब्री, ऑब्री प्लाझा, केट मिकुची यांच्या बोलण्यातला अडखळता, एकमेकींचे वाक्य तोडणारा वेग लिहून साधला नसता.

हा नटसंच समूह म्हणून वाचणे महत्त्वाचे आहे. आचार्य अत्रे यांच्या ‘बुवा तेथे बाया’मध्ये भोंदू एक असतो, तो उघडा पडला की घर पुन्हा शहाणे होते आणि प्रेक्षक निर्धास्त घरी जातो. येथे तशी सोय नाही. जॉन सी. रायली यांचा दारुडा फादर आणि मॉली शॅनन यांची मठप्रमुख यांचेही एकमेकांवर प्रेम आहे. फ्रेड आर्मिसन यांचा बिशप शेवटी सर्वांच्या पापांची यादी वाचतो, तेव्हा न्यायनिवाड्याचे रूपांतर वाणसामानाच्या यादीत होते. सगळेच दोषी असल्याने दोष ही संस्थेची दिनचर्या ठरते. अमेरिकेतील कॅथलिक लीगने या चित्रपटाला कचरा म्हटले, तर वितरकांनी तो शेरा जाहिरातीत मिरविला. दोन्ही पक्षांना केवळ चाळवणारा भाग दिसला, असे म्हणावे लागते. उत्तरार्धात, चेटकिणींच्या प्रसंगात, विनोद सैल पडतो हेही खरे.

मोठी उणीव मात्र वेगळी आहे. शीर्षक प्रार्थनेच्या प्रहरांवरून आले असले, तरी या मठात श्रद्धेने आलेले कोणी नाही. येथील पाखंड हा कोंडलेल्यांचा विनोद आहे. आपण होऊन एकत्र आलेली माणसे एकमेकांवर कशी हसतात, हे पाहायचे तर मराठी वाचकाला ‘लीळाचरित्रा’कडेच वळावे लागते. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी साक्षीदारांना विचारून आठवणी जमविल्या, आणि त्यांत शिष्यांचे हट्ट, रुसवे, वेडगळ शंका गाळल्या नाहीत. जेवणाखाण्याची व्यवस्था पाहणाऱ्या बाइसा, प्रश्नांनी पिच्छा पुरविणारी महदाइसा ही माणसे नावासह आणि बोलण्यासह उभी राहतात. येथे हसणारा बाहेरचा नाही. जे हास्यास्पद दिसले तेही स्मरणीय मानणारा समुदायच ते टिपून ठेवतो. या हास्याला पाखंड म्हणता येत नाही आणि निव्वळ भक्तीतही ते मावत नाही; आपल्या समीक्षेने त्यासाठी संज्ञा घडविलेली नाही.

बोकाचोने विद्वानांची लॅटिन बाजूला ठेवून ‘देकामेरोन’ लोकभाषेत रचले, ते चौदाव्या शतकाच्या मध्यास. त्याच्या काही दशके आधीचा, ‘स्मृतिस्थळा’तला प्रसंग प्रसिद्ध आहे: ग्रंथ संस्कृतात रचावा असा केशवराजांचा विचार होता आणि नागदेवाचार्यांनी तो मोडून काढला. तसे केल्यास आपल्या म्हाताऱ्या वंचित होतील, एवढेच कारण त्यांनी दिले.