नर्तकीचे ग्रंथालय

तीस वर्षे आम्ही इंग्रजी नाटके शिकविली, ती बहुतेक डोळे मिटूनच. एकदा एका विद्यार्थ्याने विचारले, "सर, झोपेत चालणारी लेडी मॅक्बेथ रंगभूमीवर चालत तरी कशी असे?" "परीक्षेत तो प्रश्न यावयाचा नाही," असे सांगून आम्ही पुढील ओळीकडे वळलो. ज्याला कागदाचा आधार नाही ते आमच्या लेखी घडलेच नव्हते.

या समजुतीला धक्का बसला तो एका जुन्या मूकपटाने. मॉरिट्झ स्टिलर या स्वीडिश दिग्दर्शकाच्या १९२० सालच्या 'एरोटिकॉन'मधील पात्रे एके रात्री बॅले पाहावयास जातात आणि त्यांच्याबरोबर आपणही तो पाहतो. त्या बॅलेत कारिना आरी नाचते. कथानक विसरून आम्ही तेवढाच प्रवेश तीन वेळा पाहिला. (वाचकांनी हसावयास हरकत नाही, घरी हसून झाले आहे.)

कारिनाचा जन्म स्टॉकहोमचा, १८९७ सालचा. तेथील रॉयल ऑपेरात ती नृत्य शिकली आणि पुढे रशियन नृत्याचार्य फोकीन यांचीही तालीम तिला लाभली. रॉल्फ द मारे या धनाढ्य स्वीडिश गृहस्थाने १९२० साली पॅरिसमध्ये 'बॅले स्वेदुआ' ही मंडळी काढली, तेव्हा तीत ती प्रमुख नर्तकींपैकी एक होती. मंडळीसाठी कॉक्तो आणि क्लोदेल यांनी कथा लिहिल्या, मियो याने संगीत दिले, लेजेसारख्या चित्रकाराने पडदे रंगविले. एवढा थाट पाच वर्षांत आटोपला. मंडळीचा सारा नृत्यभार ज्याने वाहिला तो जां बोर्लिन १९३० साली न्यूयॉर्क येथे वारला.

मग काय उरले? मियोचे स्वर कागदावर होते, लेजेची चित्रे जपलेली होती. बोर्लिनची पावले मात्र त्याच्याबरोबर गेली. द मारेला हे जाणवले असावे. मित्राच्या स्मरणार्थ त्याने पॅरिसमध्ये नृत्याचे आंतरराष्ट्रीय दप्तर उभारले. १९३८ साली तो जावा, बाली, सुमात्रा या बेटांवर जाऊन तेथील नृत्यांच्या फिल्मा घेऊन आला. महायुद्धानंतर ते दप्तर बंद पडले. काही भाग पॅरिस ऑपेराच्या ग्रंथालयाला मिळाला आणि उरलेल्यातून १९५३ साली स्टॉकहोमचे नृत्यसंग्रहालय निघाले.

कारिनाने उत्तरायुष्यात संसार थाटला तो दूर ब्युनोस आयर्स येथे. तेथे ती शिल्पकाम करी. हाती पैसा आला होता; तो तिने कोठे लावावा? १९६१ साली तिने स्वीडिश नृत्यासाठी निधी ठेवला आणि नृत्याची सेवा करणाऱ्यांसाठी पदक सुरू केले. त्याच निधीच्या बळावर स्टॉकहोममध्ये तिच्या नावाचे नृत्यग्रंथालय उभे राहिले. १९७० साली ती वारली.

नाचून नाव मिळविलेल्या बाईने अखेर कागदांवर पैसा खर्चावा, याचे आम्हां पुस्तकी माणसांना प्रथम समाधानच वाटले. ते फार वेळ टिकले नाही. त्या ग्रंथालयात इतरांच्या नृत्याविषयी कपाटेच्या कपाटे भरली आहेत. तिचे स्वतःचे नृत्य चालताबोलता पाहावे म्हटले, तर आम्हांस ठाऊक आहे तो 'एरोटिकॉन'मधला तेवढा तुकडा. त्यातही बोलते काही नाही.

तो विद्यार्थी आता कोठे आहे, ठाऊक नाही. भेटला तर त्याला आम्ही हा मूकपट दाखवू. त्याच्या प्रश्नाला आमच्यापाशी आजही दुसरे उत्तर नाही.