भागाकारातला छेद

लोकसंख्येचा भूगोल शिकणाऱ्या विद्यार्थ्यांच्या वहीत एक आकडा हमखास अधोरेखित केलेला असतो: 2011 च्या जनगणनेत भारताची घनता दर चौरस किलोमीटरला 382. हा आकडा पाठ करून घ्यायला मला आवडत नाही. माणसं मोजायला आपण लाखो प्रगणक कामाला लावतो, पण त्या माणसांना कशाने भागलं याकडे कुणी ढुंकून पाहत नाही. गोम सगळी छेदात असते.

छेदातल्या सगळ्या जमिनीवर माणसं सारखी पसरलेली नसतात. हू हुआनयोंग या भूगोलतज्ज्ञाने 1935 साली चीनच्या नकाशावर एक तिरकी रेघ मारली. तिच्या आग्नेयेला देशाची 36 टक्के जमीन आणि 96 टक्के माणसं. भारतात अशी एकच रेघ मारून भागत नाही. बिहार 1106 आणि अरुणाचल 17 ही टोकं आहेतच. पण महाराष्ट्राची 365 ही सरासरी उकलली, की गडचिरोलीत 74 आणि मुंबई उपनगर जिल्ह्यात वीस हजारांच्या वर निघतात. आणखी खाली उतरलं, की शहराच्या सरासरीत गल्ली हरवते.

पिंपरी-चिंचवडचंच घ्या. 1971 मध्ये लाखाच्या आत असलेली लोकसंख्या 2011 मध्ये 17 लाख 27 हजारांवर गेली. 181 चौरस किलोमीटरने भागलं, की साडेनऊ हजार येतात. त्या 181 मध्ये कारखान्यांची आवारं आहेत, लष्कराच्या जागा आहेत, 1997 साली हद्दीत आलेल्या गावांची शेतंही आहेत. त्या वर्षी हद्द जवळजवळ दुप्पट झाली आणि घनता कागदावर झर्रकन उतरली. याच शहरातल्या काळेवाडीच्या खोलीत मात्र तितकीच माणसं झोपत होती.

पवना नदीच्या अलीकडे पिंपरी, पलीकडे काळेवाडी. पूल ओलांडून तापकीर चौकाकडे, विजयनगरच्या आतल्या बोळांत शिरलं, की अर्ध्या अर्ध्या गुंठ्यावर उभी घरं दिसतात. गुंठा म्हणजे 1089 चौरस फूट. अर्धा म्हणजे सुमारे 50 चौरस मीटर. रस्ते, दुकानं, शाळा यांना निम्मी जमीन सोडली, तरी एका चौरस किलोमीटरमध्ये असे दहाएक हजार तुकडे बसतात. घर तीन मजली आणि मजल्यावर चार माणसं धरली, तर आकडा लाखाच्या पुढे जातो. ही गणना नव्हे, नुसतं फळ्यावरचं गणित आहे. पण शहराची सरासरी काय झाकते, ते त्यातून कळतं. याच शहरातल्या वाकडचे टॉवर पाहून लोक गर्दीच्या नावाने बोटं मोडतात. पण टॉवरभोवती पार्किंग असतं, बाग असते. इथे भिंतीला भिंत आणि वरच्या खोल्या भाड्याने.

ही दाटी ‘बाहेरच्यांमुळे’ झाली, असं म्हणायची पद्धत आहे. मला ते पटत नाही. कारखाने आले तसे मराठवाडा, खानदेश, विदर्भ, कोकणातून कामगार आले. त्यांच्यासाठी परवडणारी घरं त्या वेगाने बांधली गेली नाहीत. 1972 साली नवनगर विकास प्राधिकरण आलं आणि या पट्ट्यातल्या जमिनींवर संपादनाची टांगती तलवार आली. जमीन जाणारच, तर चार पैसे मिळवून जाऊ दे, हा शेतकऱ्याचा हिशेब. 1947 च्या तुकडेबंदी कायद्यामुळे गुंठ्याचा वेगळा सातबारा होईना, मग व्यवहार स्टॅम्पपेपरवर. कागद कच्चा म्हणून बँकेचं कर्ज नाही, कर्ज नाही म्हणून घर मजल्यामजल्याने, भाड्याच्या पैशातून चढत गेलं. अशा घरांना नियमित करण्यासाठी गुंठेवारीचा कायदा 2001 मध्ये आला, तोवर बोळ ठरून गेले होते.

या स्थलांतराचं दुसरं टोक कोकणात दिसतं. 2001 ते 2011 या दशकात रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे 82 हजारांनी घटली, सिंधुदुर्गाचीही घटली. गेलेली माणसं नाहीशी झाली नाहीत. त्यांतली बरीचशी अशाच शहरांच्या अंशात मिळाली. गावी गणपतीला उघडणारं घर मात्र क्षेत्रफळासकट छेदातच राहिलं.

आता 1 मार्च 2027 ही संदर्भतारीख धरून जनगणना होणार आहे. प्रगणकाला गट नेमून देतात तो साधारण सारख्या लोकसंख्येचा. गडचिरोलीतल्या भामरागडच्या प्रगणकाला त्यासाठी जंगलातले पाडे पालथे घालावे लागतील. काळेवाडीतल्याचा गट दोन-तीन बोळांत संपेल; पण दुसऱ्या पाळीचा भाडेकरू दुपारी घरी नसतो आणि पहिल्या पाळीचा सकाळी, म्हणून तेच जिने त्याला पुन्हा चढावे लागतील.