दोन पात, एक सुई

दिवाळी जवळ आली की माझ्या नाकाशी दोन वास एकदम येतात. एक भाजणीच्या चकलीचा आणि दुसरा चहाच्या ओल्या पाल्याचा. पहिला तुमच्याही घरचा आहे. दुसरा मला 1994 सालच्या दिवाळीच्या सुट्टीत एका अर्ध्या दिवसाने दिला. पहाटे साडेतीनला खोलीचं दार वाजलं तेव्हा तो अर्धा दिवस सुरू झाला आणि दुपारच्या जेवणाआधी संपलाही. मी तेव्हा नववीत होते.

दादांना, म्हणजे माझ्या वडिलांना, सरकारी नोकरीत चार वर्षांतून एकदा भारतात कुठेही जायची प्रवास सवलत मिळत असे. तोवर ती कधी वापरलीच नव्हती. त्या वर्षी ते म्हणाले, "हिमालय बघू." दिवाळीत घराला कुलूप लावायचं हे आजीला पटेना. आईने तिची समजूत घातली, आठ दिवस आधी फराळ उरकला, आजीचा वाटा काढून तिला काकांकडे पोचवलं आणि उरलेला फराळ स्टीलच्या दोन डब्यांत भरून बरोबर घेतला. मुंबईहून गीतांजली एक्स्प्रेसने हावडा, सियालदाहून रात्रीची दार्जिलिंग मेल, आणि न्यू जलपाईगुडीहून ती दोन फुटी रुळांवरची छोटी गाडी. दिवसभर ती गाडी घरांच्या ओट्यांना घासत, पुढे जात, मागे येत, पुन्हा पुढे जात चढत राहिली. घूम स्टेशनवर दादांनी पाटी वाचून दाखवली. सव्वादोन हजार मीटरच्या वर. आईने खिडकीतून हात बाहेर काढला आणि ढग हाताला ओला लागतो म्हणून मलाही काढायला लावला.

त्या पहाटेचा दिवस वसुबारसेचा होता. आई त्या दिवशी गहू, मूग आणि दुधातुपाचं काही खात नसे. गाय-वासराचा दिवस, त्या दिवशी त्यांचं दूध आपण घ्यायचं नाही, एवढं साधं कारण ती सांगे. टायगर हिलवर पोचलो तेव्हा काळोख होता. थंडीने दात वाजत होते. केटल्या घेतलेल्या बायका गर्दीतून "कॉफी, कॉफी" म्हणत फिरत होत्या. आम्ही सगळ्यांनी घेतली. आईने नाही घेतली, दूध होतं म्हणून. रिकामे हात शालीत गुंडाळून ती उत्तरेकडे बघत उभी राहिली.

मग कांचनजंगा उजळला. सूर्य अजून आमच्यासाठी उगवलाच नव्हता. डोंगर, दऱ्या, माणसं सगळी काळीच होती, आणि त्या काळोखाच्या वर, आकाशात जिथे काही असेल असं वाटतही नव्हतं तिथे, एक गुलाबी रेघ उमटली. गुलाबी होती ती केशरी झाली, केशरी होती ती पिवळी झाली, आणि मग खालचा सगळा बर्फ हळूहळू तिच्यात सामील होत गेला. लोक आधी ओरडले आणि मग एकदम गप्प झाले. दादांनी डावीकडे लांबवर बोट दाखवलं. तिथे तीन बारीक दात दिसत होते. त्यातला मोठा दिसतो तो मकालू, आणि त्याच्यामागे बुटका वाटतो तो एव्हरेस्ट. लांब आहे म्हणून बुटका.

दादांनी कुठेतरी वाचलेलं तेव्हाच सांगितलं. 8586 मीटर उंचीच्या या शिखरावर 1955 साली जो ब्राउन आणि जॉर्ज बँड हे दोघे इंग्रज पहिल्यांदा चढले. पण सिक्कीमच्या लोकांसाठी हे शिखर देव आहे, माथ्यावर पाय ठेवणार नाही असा शब्द त्यांनी दिला होता. म्हणून शेवटची काही पावलं बाकी असताना ते थांबले आणि तिथूनच उतरले.

आई म्हणाली, "बरं केलं. थोडं ठेवावंच."

उतरताना आमच्या जीपवाल्याने विचारलं, चहाचं कमान बघणार का? तिथल्या लोकांच्या बोलीत चहाच्या मळ्याला कमान म्हणतात. त्याची बहीण तिथे पाला खुडायला जात होती. जीप रस्त्यावर उभी करून आम्ही पायवाटेने उतरलो. उतार इतका उभा होता की खालच्या झुडपाचा शेंडा आमच्या टाचांना लागत होता. आईने ओचा खोचला आणि आमच्या सगळ्यांच्या आधी खाली पोचली.

चहाचं झाड मी तोवर पाहिलं नव्हतं. मोकळं सोडलं तर ते चांगलं उंच वाढतं, पण छाटून छाटून कमरेइतकं ठेवतात, म्हणजे माथा हाताखाली राहतो. दहा-बारा बायका रांगेने झुडपांत उभ्या होत्या. कपाळावर पट्टा, त्याला नाम्लो म्हणतात. त्याच्या आधारे पाठीवर डोको, म्हणजे बांबूची टोपली. दोन्ही हात एकाच वेळी चालायचे आणि मूठ भरली की न बघता खांद्यावरून मागे. जीपवाल्याच्या बहिणीने एक शेंडा तोडून आमच्यापुढे धरला आणि म्हणाली, "दुई पात, एक सुइरो."

दादा हिंदीत अर्थ विचारायला लागले. आईला विचारायची गरजच पडली नाही. "दोन पात, एक सुई," ती म्हणाली. शेंड्याची न उमललेली कळी खरोखर सुईसारखी होती, बारीक, टोकदार, वर पांढरी लव. नेपाळी आमच्यापैकी कोणालाच येत नव्हती, पण हे चार शब्द आईच्या हातात आपल्याच घरचे असल्यासारखे येऊन पडले. आणि मग ती खुडायला लागली.

आईचं माहेर बार्शीजवळ. काळी जमीन, रब्बीचा मुलूख. कार्तिक-मार्गशीर्षात हरभरा वीतभर झाला की बायका पहाटे शेंडे खुडायला जात. हरभऱ्याच्या पानांवर आंब धरते, ती हाताला झोंबते, बोटं काळी पडतात. त्या कोवळ्या पाल्याची भाजी होते, वाळवून उन्हाळ्यासाठी डब्यात भरूनही ठेवतात. पण शेंडे खुडायचे ते नुसते भाजीसाठी नाहीत. शेंडा खुडला की झाड बगलेतून फुटतं, फांद्या वाढतात, घाटे जास्त लागतात. आईने हे लहानपणापासून केलं होतं. लग्न होऊन ठाण्याच्या दोन खोल्यांत आल्यावर तिच्या बोटांना ते काम उरलं नव्हतं. त्या दिवशी, माहेरापासून दोन हजार किलोमीटरवर, दार्जिलिंगच्या उतारावर मी तिची बोटं पहिल्यांदा अशी चालताना पाहिली. नखाने कापायचं नाही, ओढायचंही नाही. बोटांच्या पेरांत धरून नुसतं मुडपायचं. बायका तिच्याकडे बघून हसायला लागल्या आणि "दिदी, दिदी" करत तिला रांगेत घेऊन गेल्या.

मी खुडलेले शेंडे मात्र त्या बहिणीने टोपलीतून वेचून काढले. एकात तीन पानं होती, दुसऱ्यात सुईच नव्हती. सुई नसलेल्या शेंड्याला बांझी म्हणतात, असं तिने सांगितलं. आईला तोही शब्द कळला आणि तिचा हात थांबला. असा शेंडा पुढे मरतो का, तिने दादांकरवी विचारलं. नाही, थोडे दिवस थांबतो आणि पुन्हा फुटतो.

"मग वांझ कशाला म्हणायचं?" आई म्हणाली. "दमलाय म्हणा."

हे हिंदीत सांगितल्यावर त्या बाईने आईच्या दंडाला हात लावला. तो स्पर्श मला आजही दिसतो.

सात-आठ दिवसांनी त्याच झुडपाशी पुन्हा यायचं, तोवर नवे शेंडे आलेले असतात. वसंतात पहिली फूट, उन्हाळ्यात दुसरी, मग पावसाळ्याची आणि शेवटी ही शरदाची. उन्हाळी फुटीच्या चहाला द्राक्षासारखा वास येतो. एक बारीक हिरवा तुडतुडा कोवळ्या पानाचा रस शोषतो आणि त्या जखमेला उत्तर म्हणून पान जे घडवतं त्यातून तो सुगंध येतो. कॅम्पबेल नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने 1841 साली आपल्या बागेत बी लावून पाहिलं आणि पुढच्या दहा-पंधरा वर्षांत या उतारांवर चहाचे मळे उभे राहू लागले. पण उतारावर पाठीला टोपली लावून उभं राहणं तेव्हापासून या बायकांच्या आज्या-पणज्यांकडेच आहे. साधारण साडेचार किलो ओल्या पाल्याचा एक किलो चहा होतो, हे ऐकल्यावर आईने पुन्हा एकदा स्वतःच्या मुठीकडे बघितलं.

खालच्या बाजूला पत्र्याच्या घरांची एक ओळ होती, दारांत झेंडू फुलला होता. "तुमचं घर?" आईने विचारलं. "कमानको," ती म्हणाली. मळ्याचं. पिढ्या गेल्या तरी घराखालची जमीन त्यांच्या नावावर नाही, हे दादांनी नंतर मला समजावून सांगितलं. पण तिहार आला होता म्हणून ती खुशीत होती. आपली दिवाळी तोच त्यांचा तिहार. आधी कावळ्याचा मान, मग कुत्र्याच्या गळ्यात माळ, अमावास्येला गाय आणि लक्ष्मी, शेवटी भाइटीका म्हणजे आपली भाऊबीज. जीपवाल्या भावाकडे बघत तिने कपाळावर बोट टेकवून दाखवलं. आईने सांगितलं, आमच्या गायीचा दिवस आज आहे. मग पिशवीतून डबा काढला आणि शंकरपाळी, चिवडा सगळ्यांच्या ओंजळीत घातला. बहिणीने आपली शंकरपाळी मुलासाठी पदरात बांधून घेतली आणि दोन झेंडू तोडून आईच्या अंबाड्यात खोचले.

मळ्याच्या कारखान्यात पाला जाळ्यांवर पसरून सुकत ठेवला होता. रात्रभर वारा देऊन कोमेजवायचा, मग वळायचा, मग थंड जागी पसरायचा की हिरव्याचा तांबूस होतो, मग भाजायचा. तो ओला, गवती, किंचित फळासारखा वास तिथला. तिथे आम्हाला काचेच्या पेल्यांत चहा दिला. बिनदुधाचा. पिवळसर, तळ दिसेल असा.

जन्मभर दूध, साखर आणि ठेचलेलं आलं घालून उकळलेला चहा पिणारी माझी आई. दुसऱ्या कुठल्याही दिवशी तिने तो पेला हातातच धरला असता. पण वसुबारस होती, दूध चालणार नव्हतं, आणि सकाळपासून तिने काही प्यायलं नव्हतं. तिने एक घोट घेतला. डोळे मिटले. मग म्हणाली, "इतकी वर्षं आपण याला बोलूच दिलं नाही."

तिथून घेतलेला पाव किलो चहा आईने वर्षभर पुरवला. नंतर दर वसुबारसेला ती बिनदुधाचा दार्जिलिंग चहा करायची. एरवी घरात आल्याचा चहाच होत राहिला, आणि तोही ती तितक्याच प्रेमाने प्यायची. फरक पडला तो एवढाच की चहाच्या डब्यातून चमचा काढताना ती सांडलेले चार दाणेही बोटाने टिपून परत डब्यात टाकी.

2017 साली दार्जिलिंगचा पहाड 104 दिवस बंद राहिला. आंदोलनात मळे थांबले, उन्हाळी फूट हातची गेली, झुडपं तणात बुडाली. एकेकाळी वर्षाला एक कोटी किलोहून अधिक चहा देणारे ते उतार त्याआधीच मागे पडत चालले होते. आई वर्तमानपत्रातला फोटो चष्म्याजवळ धरून बघत बसली होती. झुडपांचे शेंडे सुटून वर गेले होते. "खुडलं नाही की झाड असं भटकतं," ती म्हणाली. थोड्या वेळाने म्हणाली, "ती कुठं कामाला जात असेल गं आता?" तेवीस वर्षांनंतरही कोणाबद्दल विचारते आहे ते मला विचारावं लागलं नाही.

आता आई नाही. बार्शीकडे मामाच्या शेतात हरभरा मात्र अजून असतो. दार्जिलिंगहून आल्यावरच्या थंडीत आई मला तिथे घेऊन गेली होती आणि पहाटेच्या दवात शेंडे कसे खुडायचे ते तिने शिकवलं होतं. हात चालवताना ती तेच म्हणायची, दोन पात, एक सुई. मामीने ते उचललं, मामीच्या सुनेने उचललं. त्या रानात आता हरभरा त्याच शब्दांवर खुडला जातो.

गेल्या मार्गशीर्षात भावाची सात वर्षांची मुलगी माझ्याबरोबर बांधावर आली. दोन-चार शेंडे खुडून झाल्यावर तिने हात पुसले आणि मला विचारलं, "आत्या, पण हरभऱ्याला सुई कुठे असते?"

मी तिच्याशेजारी उकिडवी बसले आणि एका शेंड्यावरची, अजून न उलगडलेली, आंबेने चमकणारी इवलीशी पानं तिला दाखवली.