उशिरा मिळणाऱ्या ग्रॅच्युइटीवरच्या व्याजास

प्रिय व्याजा,

तुझा पत्ता मला पाठ आहे : महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२, नियम १२९-अ आणि १२९-ब. निवृत्तीनंतर तीन महिने उलटूनही ग्रॅच्युइटी मंजूर झाली नाही, सहा महिने उलटूनही पेन्शन मंजूर झाली नाही, आणि उशीर प्रशासनामुळे झाला असेल, तर पुढच्या काळाचा तू देय आहेस. माझी उभी नोकरी लेखा शाखेत गेली. तुझ्यासाठी कुणी आपणहून टिपणी मांडलेली मी पाहिली नाही.

निवृत्ती काही अचानक येत नाही. जन्मतारीख सेवापुस्तकाच्या पहिल्या पानावर असते. कागदपत्रांची तयारी दोन वर्षं आधी सुरू करा, असं नियमच सांगतो. तरी ऐन वेळी जुन्या वेतननिश्चितीवर पडताळणी पथकाचा शिक्का नसल्याचं निघतं, मग ना-देय प्रमाणपत्र अडतं, मग प्रस्ताव महालेखापालांकडून त्रुटी लागून परत येतो.

एक आरोग्यसेविका आमच्या टेबलाशी यायच्या. पिशवीत कागदांच्या झेरॉक्स, प्रत्येकीवर आवकचा शिक्का. मुलीच्या लग्नासाठी त्यांनी पतसंस्थेचं कर्ज काढलं होतं. ग्रॅच्युइटी आली की फेडू, असा हिशेब. ती वर्ष उलटून गेल्यावर आली, तोवर पतसंस्थेचे हप्ते व्याजासकट चालूच होते. म्हणजे व्याज भरलं ते त्यांनी, आणि उशीर केला तो कार्यालयानं. दहा लाख रुपये पंधरा महिन्यांनी मिळाले, पहिले तीन महिने सोडले आणि वर्षाला सात टक्के धरले, तरी तू सत्तर हजारांचा होतोस. चाळीस-चाळीस खेडी पायी तुडवलेल्या बाईला ही रक्कम थोडी नाही.

तू येत नाहीस याचं कारण मला ठाऊक आहे. उशीर प्रशासकीय दिरंगाईमुळे झाल्याचं स्पष्टपणे सिद्ध व्हावं, अशी अट आहे. ते ठरवणार कोण? ज्यांच्याकडे फाईल पडून होती तेच. तुला मंजुरी द्यायची म्हणजे फाईल कुणाच्या टेबलावर किती दिवस थांबली ते लिहून द्यायचं, आणि मग त्याची जबाबदारीही ठरवायची. सहकाऱ्याविरुद्ध असं लिहायला कुणाचा हात धजत नाही. उलट बाजूनं जास्तीचं वेतन दिलं गेल्याचं आढळलं, की त्याच ग्रॅच्युइटीतून वसुली लावायला मात्र वेळ लागत नाही. वर्ग तीन आणि चारच्या निवृत्तांकडून अशी वसुली करू नये, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१४ साली रफिक मसीह प्रकरणात सांगितलं आहे. तरी या वसुलीविरुद्ध माणसांना आजही कोर्टाची पायरी चढावी लागते.

न्यायालयं तुझ्या बाजूनं कधीपासून उभी आहेत! केरळचे पद्मनाभन नायर १९७३ च्या मे महिन्यात निवृत्त झाले आणि त्यांना पैसे मिळाले १९७५ च्या ऑगस्टमध्ये. कोषागारातून अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर मिळालं नाही, एवढंच कारण. डिसेंबर १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बजावलं की पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही सरकारची मेहेरबानी नाही, तो कर्मचाऱ्याचा हक्क आहे, आणि निवृत्तीला दोन महिने झाल्यावर बाजारभावानं व्याज द्यावं लागेल. २००८ मध्ये एस. के. दुआ प्रकरणात तर नियमात तरतूद नसली तरी घटनेच्या आधारे तुला मागता येतं, असं म्हटलं गेलं. पण खटला चालवायला वकील लागतो, वर्षं लागतात, आणि निवृत्त माणसाकडे हाताशी पैसाच नसतो. तोच तर अडकलेला असतो.

म्हणून तुला मागायला येणाऱ्याला मी एवढंच सांगतो की अर्जात तीन तारखा लिहा : निवृत्तीची, प्रस्ताव वर गेल्याची आणि पैसे खात्यात जमा झाल्याची. प्रत्येक त्रुटीपत्राची प्रत जोडा, आणि अर्जाच्या पोचेवर आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.

खरं तर अर्जच लागू नये. निवृत्तीची तारीख संगणकात आहे, प्रदान केल्याची तारीखही आहे. वेतन देयकातला महागाई भत्ता आपोआप निघतो, तसा तूही निघायला हवास : ग्रॅच्युइटीच्या आदेशावर, मूळ रकमेच्या खालच्या ओळीत. उशीर कर्मचाऱ्यामुळेच झाला असेल, तर ते कार्यालयानं पुराव्यानिशी दाखवावं आणि मग ती ओळ खोडावी.

तुझा,
एक निवृत्त लेखा लिपिक