सपाता, सेपातू

माजिद माजिदी यांचा 'चिल्ड्रन ऑफ हेवन' (१९९७) सुरगाण्यात माझ्या हाती आला तो इंडोनेशियन सबटायटल्ससह. संवाद फारसीत, खालच्या ओळी इंडोनेशियनमध्ये. इंग्रजीचा आधार कुठेच नाही. अली आपल्या धाकट्या बहिणीचे, झाहराचे, दुरुस्त करून आणलेले बूट हरवून बसतो आणि पडद्याच्या तळाशी एक शब्द पुन्हापुन्हा उमटू लागतो : 'सेपातू'.

सेपातू म्हणजे बूट. मूळ शब्द पोर्तुगीज. आणि आपल्या जुन्या मराठीतल्या 'सपाता' त्याच घरच्या. पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतला, १५११ मध्ये मलाक्का. एकाच पायताणाचे नाव असे दोन किनाऱ्यांवर उतरले. पुढे डोळे आपोआप शोधू लागले. इंडोनेशियनमध्ये गुपिताला 'राहासिया' म्हणतात, कारण सांगताना 'कारेना', आणि प्रेमाला चक्क 'चिंता'. (या अर्थांतराचे भाषाशास्त्रज्ञांना नवल वाटेल, कुठल्याही आईला वाटणार नाही.) डोळ्यांना असे संस्कृत भेटत होते, तर कानांना फारसी. ज्या भाषेने आपल्याला 'दुकान' आणि 'बाजार' दिले, जिच्या मराठीतल्या खुणांसाठी माधव ज्यूलियन यांनी १९२५ मध्ये फारसी-मराठी कोश सिद्ध केला, ती पूर्ण परकी वाटणे कठीणच. इंग्रजी सबटायटल्स आपण वाचून संपवतो आणि चित्र पाहिल्याचे समाधान मानतो. इथे ती सोय नव्हती. अर्धे कळत होते, म्हणून चेहरे निरखावे लागत होते.

काही दिवसांनी हीच प्रत विद्यार्थ्यांबरोबर पाहिली. त्यांतल्या बहुतेकांची घरची बोली कोकणा. पहिलीच्या पुस्तकातली प्रमाण मराठी त्यांनी अशीच, अर्ध्या ओळखीच्या शब्दांना धरून, बोलणाऱ्याच्या चेहऱ्याकडे पाहत शिकलेली. परीक्षेच्या भाषेत आपण याला 'आकलन बेताचे' म्हणतो. मला हा शेरा चुकीचा वाटतो. अंधारात बसलेल्या त्या मुलांना भाषांतर मागावेसे वाटले नाही. सकाळची शाळा सुटल्यावर झाहरा गल्लीतून धावत येते, बूट काढते, अली ते चढवून दुपारच्या शाळेकडे पळतो, हे पाहून वर्ग हसला आणि लगेच गप्पही झाला. बाप मशिदीसाठी साखर फोडत असतो, पण स्वतःच्या चहात त्यातला खडाही घेत नाही. तिथे एक जण हळूच म्हणाला, "लोकांची हाये ती."

शर्यतीत अलीला तिसरा क्रमांक हवा असतो, कारण बूट तिसऱ्या बक्षिसात आहेत. तो पहिला येतो. शेवटी तो सोललेले पाय हौदात सोडून बसतो, मासे भोवती जमतात. तिथे सबटायटल नाही. त्याच्या थोडेच आधी बापाची सायकल क्षणभर दिसते, आणि तिच्यावर नवे बूट. अलीला ते ठाऊक नाही. मागच्या बाकावरून एका मुलीचा आवाज आला, "आणलेत, सर. बापाने आणलेत."